झेरॉक्स अस्पष्ट होती म्हणून

पुणे असो, नाशिक असो की सोलापूर, शहराच्या पुरवणीत अधूनमधून एक ठरलेली चौकट असते: ‘सराईत गुन्हेगार एमपीडीएखाली वर्षासाठी स्थानबद्ध’. स्थानबद्ध म्हणजे पुढे गुन्हा करू नये म्हणून, खटला न चालवताच तुरुंगात. खाली आयुक्तांचे नाव, कारागृहाचे नाव आणि यंदाची ही कितवी कारवाई, याचा आकडा. पुढे सात-आठ महिन्यांनी उच्च न्यायालयाने तोच आदेश रद्द केला, तर त्याची चौकट क्वचितच दिसते. दिसलीच, तर वाचणारा वैतागतो. कारणे बघा: पुरवलेल्या कागदांची झेरॉक्स वाचता येत नव्हती, त्याने आदेशाविरुद्ध केलेल्या निवेदनाला उत्तर द्यायला उशीर झाला, भाषांतर दिले नव्हते. म्हणजे गुंड सुटला, तोही झेरॉक्सच्या मशीनमुळे!

वैताग रास्त आहे, पण तो वकिलावर किंवा न्यायाधीशावर काढून भागत नाही. माणूस झेरॉक्सवर सुटतो, कारण या खटल्यांत (खरे तर ज्यात खटलाच नसतो अशा या प्रकरणांत) न्यायालयाने झेरॉक्सच्या पलीकडे फारसे पाहायचे नाही, हे १९५१ सालीच ठरून गेले आहे. आणि न्यायालयाच्या आधी, फाईल तुलनेने ताजी असताना, कोणीतरी स्वतंत्र माणसाने ती नीट वाचावी अशी घटनादुरुस्ती संसदेने १९७८ साली केली; तिचा तेवढा भाग आजही लागू झालेला नाही. लागू व्हायला संसदेत मतदान नको, राज्यांची संमती नको. केंद्राची एक अधिसूचना हवी. ती न काढण्यावर आपल्या सगळ्या पक्षांचे जेवढे एकमत आहे, तेवढे दुसऱ्या कशावर असेल असे वाटत नाही.

आधी यंत्र कसे चालते ते पाहू. एमपीडीए म्हणजे धोकादायक कृत्यांना प्रतिबंध करणारा १९८१ चा महाराष्ट्राचा कायदा. मुळात तो तीन प्रकारच्या लोकांसाठी होता: झोपडपट्टीदादा, हातभट्टीवाले आणि अमली पदार्थांचे गुन्हेगार. पुढच्या दुरुस्त्यांनी ‘धोकादायक व्यक्ती’, व्हिडिओ पायरेट, वाळू तस्कर आणि अत्यावश्यक वस्तूंचा काळाबाजार करणारे यांची भर पडली. व्हिडिओ पायरेट हा प्राणी आता नामशेष झाला, कायद्याच्या नावात मात्र शिल्लक आहे. रोजच्या वापरात खरा राबतो तो ‘धोकादायक व्यक्ती’ हा प्रकार. शरीराविरुद्धचे किंवा मालमत्तेविरुद्धचे गुन्हे, नाहीतर शस्त्र कायद्यातले गुन्हे सवयीने करणारा, अशी त्याची व्याख्या आहे.

प्रस्ताव पोलीस ठाण्यातून निघतो. सहायक आयुक्त, उपायुक्त, गुन्हे शाखा अशा पायऱ्या चढत तो आयुक्तांकडे जातो. जिल्ह्यात पोलीस अधीक्षकांमार्फत जिल्हाधिकाऱ्यांकडे, कारण तेच जिल्हादंडाधिकारी. सोबत असतात आधीच्या गुन्ह्यांचे कागद, आधी केलेल्या प्रतिबंधक कारवायांचा तक्ता आणि बहुधा दोन गोपनीय साक्षीदारांचे ‘इन-कॅमेरा’ जबाब, साक्षीदार ‘अ’ आणि साक्षीदार ‘ब’. असे दहा आदेश एकापुढे एक ठेवून वाचले, तर जबाबांची भाषा पाठ होते. इसमाने कोयता काढला, खिशातले पैसे काढून घेतले, लोक सैरावैरा पळाले, दुकानदारांनी शटर ओढली, भीतीमुळे कोणी तक्रार द्यायला धजावत नाही. प्रत्येक शहरात लोक सैरावैराच पळतात. एखाद्या वस्तीत कोणी नुसते घरात शिरले, असे कधी होत नाही. तरीही असा जबाब खोटाच असतो असे नाही. तो खरा की खोटा हे तपासण्याची सोयच पुढच्या टप्प्यांत नसते, ही अडचण आहे. म्हणून निदान वरिष्ठ अधिकाऱ्याने साक्षीदाराला स्वतः भेटून जबाबाची पडताळणी करावी आणि तशी नोंद फाईलवर दिसावी, एवढा आग्रह न्यायालये धरतात. ही नोंद राहिली, की आदेश डळमळलाच.

आदेश निघाला की मुदती सुरू होतात. आदेशाच्या तारखेपासून १२ दिवसांत राज्य सरकारने त्याला मान्यता द्यायची, नाहीतर तो आपोआप संपतो. माणूस ताब्यात घेतल्यापासून उशिरात उशिरा ५ दिवसांत त्याला कारणे कळवायची. ३ आठवड्यांच्या आत प्रकरण तीन सदस्यांच्या सल्लागार मंडळापुढे ठेवायचे. ताब्यात घेतल्यापासून ७ आठवड्यांत मंडळाने अहवाल द्यायचा. पुरेसे कारण नाही असे मंडळाने म्हटले, तर सरकारला माणूस सोडावाच लागतो. आहे म्हटले, तर कमाल १२ महिने. या सगळ्यात आरोपपत्र नाही, साक्षीदाराची उलटतपासणी नाही, जामीन नाही. मंडळापुढे वकील हा हक्क म्हणून मिळत नाही, तसे खुद्द घटनेच्या कलम २२(३) मध्ये आहे. सरकारने स्वतः कायदेतज्ज्ञ उभा केला तरच समोरच्यालाही तो द्यावा लागतो. एरवी एखादा वकील नसलेला मित्र सोबत आणता येतो. कारागृह बहुधा घरापासून लांबचे, तेव्हा तो मित्रही येईलच असे नाही.

हे सारे घटनेत कसे शिरले, तो इतिहास लहान पण बोलका आहे. मसुद्यात आधी ‘ड्यू प्रोसेस’ हे शब्द होते, म्हणजे कायदाच न्याय्य आहे की नाही हे न्यायालयाला तपासता आले असते. ते काढून ‘कायद्याने प्रस्थापित केलेली कार्यपद्धती’ असे शब्द घातले गेले आणि जीविताचा आणि व्यक्तिस्वातंत्र्याचा हक्क देणारे आजचे कलम २१ तयार झाले. यामुळे संसदेला मोकळे रान मिळाले, ही टीका डॉ. आंबेडकरांना मान्य होती. म्हणून १५ सप्टेंबर १९४९ रोजी त्यांनी मसुद्यात १५-अ हे कलम मांडले आणि आधी जे गेले त्याची ही भरपाई आहे, अशा अर्थाचे सांगितले. तेच आजचे कलम २२. अटकेची कारणे सांगा, वकील भेटू द्या, २४ तासांत न्यायदंडाधिकाऱ्यापुढे न्या, ही त्यातली भरपाई. पण त्याच कलमाच्या पोटात प्रतिबंधक स्थानबद्धतेला या तिन्हींतून सूट दिली आणि तिच्यासाठी वेगळी, पातळ हमी ठेवली: शक्य तितक्या लवकर कारणे, निवेदनाची लवकरात लवकर संधी, आणि तीन महिन्यांपलीकडे ठेवायचे तर सल्लागार मंडळ. विनाचौकशी डांबण्याचा अधिकार मूलभूत हक्कांच्या प्रकरणातच बसवला गेला. शांततेच्या काळासाठी असे करणाऱ्या लोकशाही घटना फारशा सापडणार नाहीत.

घटना लागू होऊन महिना व्हायच्या आत प्रतिबंधक स्थानबद्धता कायदा आला. कम्युनिस्ट नेते ए. के. गोपालन यांनी त्याला आव्हान दिले. मे १९५० मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या सहा न्यायाधीशांनी, न्या. फझल अली यांचा विरोध वगळता, कायदा उचलून धरला. कारणे न्यायालयालाही सांगायला बंदी करणारे कलम १४ तेवढे रद्द केले. पुढच्या वर्षी आला मुंबई राज्य विरुद्ध आत्माराम वैद्य हा निकाल, आणि माझ्या मते या विषयावर गोपालनपेक्षा त्याची सावली लांब पडली आहे. कारणे पुरेशी आहेत की नाहीत हे न्यायालय बघणार नाही, ते अधिकाऱ्याचे व्यक्तिनिष्ठ समाधान. मात्र कारणे इतकी मोघम नकोत की त्यांवर निवेदनच करता येऊ नये, असा त्याचा सारांश.

झेरॉक्सचा जन्म इथे झाला. ‘या माणसाला डांबण्याची गरज होती का’ हे विचारायचे नाही, पण ‘याला निवेदन करता आले का’ हे विचारता येते. मग वकील तिकडेच जाणार. आणि ज्या न्यायाधीशाला गरजेबद्दलच शंका आहे, तोही तिकडेच जाणार. गेली सत्तर वर्षे कलम २२(५) मधल्या ‘कारणे कळवणे’ आणि ‘संधी देणे’ या दोन शब्दांतून न्यायालयांनी एकेक हक्क सुटा करून काढला आहे. १९६२ च्या हरिकिसन विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात कारणे इंग्रजीत दिली होती. मला इंग्रजी येत नाही, हिंदीत द्या, ही मागणी सरकारने फेटाळली. इंग्रजी ही राजभाषा आहे, एवढे सांगून भागणार नाही, त्याला समजेल अशा भाषेत आणि लिपीत द्या, असे सर्वोच्च न्यायालयाने बजावले. लल्लूभाई पटेल यांच्या प्रकरणात पोलीस निरीक्षकाने कारणे गुजरातीत तोंडी समजावली होती. तेही चालले नाही, कारण तोंडी ऐकलेल्यावर कोठडीत बसून निवेदन लिहायचे कसे? मग त्यातूनच पुढे गेले: कारणांत ज्या कागदांचा आधार घेतला तेही द्या, वाचता येतील असे द्या, भाषांतर करून द्या. डॉ. कफील खान यांना राष्ट्रीय सुरक्षा कायद्याखाली ठेवले तेव्हा त्यांच्या भाषणाची सीडी दिली होती, पण ती लावून ऐकायला यंत्र दिले नव्हते. अलाहाबाद उच्च न्यायालयाने त्यावर बोट ठेवले. ऐकायला हा विनोद वाटतो. कोठडीतल्या माणसाला त्या चकतीचा उपयोग काय, हे विचारले की विनोद संपतो.

एमपीडीएतला सर्वांत जास्त चुकणारा मुद्दा तर सरकारी कारकुनीतला आहे. आदेश निघाल्यापासून सरकारची मान्यता येईपर्यंत, म्हणजे जास्तीत जास्त १२ दिवस, आदेश काढणाऱ्या अधिकाऱ्याकडेही निवेदन करता येते. आपलाच आदेश मागे घेण्याचा अधिकार त्याला असतो. हे कारणांच्या कागदात लिहून कळवले नाही, तर आदेश टिकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने संतोष शंकर आचार्य प्रकरणात २००० साली सांगितले. ते प्रकरणही महाराष्ट्रातलेच. त्यामुळे आता प्रत्येक आदेशात तो परिच्छेद छापलेला असतो. पण परिच्छेद छापणे वेगळे आणि आलेले निवेदन टेबलावरून हलणे वेगळे. निवेदन तुरुंगातून निघते, अधीक्षकांकडे थांबते, मंत्रालयात गृह विभागाच्या कक्षात येते, पोलिसांचे अभिप्राय मागवले जातात, मधे सुट्ट्या येतात. न्यायालय दिवस मोजते आणि प्रत्येक दिवसाचा खुलासा मागते. २०२४ मध्ये जसीला शाजी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयापुढे आले, की तुरुंगाने निवेदन साध्या टपालाने पाठवले, ते पोहोचलेच नाही आणि निर्णयाला सुमारे नऊ महिने गेले. ई-मेलच्या काळात! तो आदेश रद्द झाला. (घरच्यांसाठी यातला व्यवहार एवढाच: निवेदनाच्या तीन प्रती करायच्या, आदेश काढणारा अधिकारी, गृह विभाग आणि सल्लागार मंडळ अशा तिघांना, पहिल्या १२ दिवसांच्या आत, पोच घेऊन आणि ई-मेलनेही. तुरुंगाच्या टपालावर विसंबू नये.)

गरजेच्या प्रश्नाला न्यायालय अजिबात हातच लावत नाही असेही नाही. एक दार उघडे राहिले आणि ते डॉ. राममनोहर लोहियांच्या खटल्याने. १९६५ साली त्यांना बिहारमध्ये स्थानबद्ध करताना आदेशात ‘सार्वजनिक सुव्यवस्था’ ऐवजी ‘कायदा व सुव्यवस्था’ असे लिहिले होते. न्या. हिदायतुल्ला यांनी तीन वर्तुळांची कल्पना मांडली: सर्वांत मोठे वर्तुळ कायदा व सुव्यवस्थेचे, त्याच्या आत सार्वजनिक सुव्यवस्थेचे, सर्वांत आत राज्याच्या सुरक्षिततेचे. शेजाऱ्याशी मारामारी पहिल्या वर्तुळात संपते; स्थानबद्धता करायची तर कृत्य दुसऱ्या वर्तुळात पोहोचले पाहिजे. हाच निकष लावून डिसेंबर २०२४ मध्ये अर्जुन गायकवाड विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हातभट्टीच्या दारूवरून केलेली एमपीडीएची स्थानबद्धता रद्द केली. तेलंगणातल्या तशाच कायद्याबद्दल तर २०२२ ते २०२४ या काळात एकामागून एक निकाल आले. अमिना बेगम प्रकरणात (२०२३) न्यायालयाने बजावले, की साधा फौजदारी कायदा पुरेसा असताना हे हत्यार उपसायचे नाही. नेनावथ बुज्जी प्रकरणात (मार्च २०२४) मुद्दा मंडळापर्यंत गेला: सल्लागार मंडळाने शिक्का मारून मोकळे होऊ नये, प्रकरण खरोखर तपासावे.

पण मंडळाने खरोखर तपासावे, तर मंडळ कोणाचे, हे आधी विचारले पाहिजे. इथे राजकारण येते.

आणीबाणीत ‘मिसा’ या तेव्हाच्या स्थानबद्धतेच्या कायद्याखाली हजारो माणसे तुरुंगात गेली. नऊ उच्च न्यायालयांनी त्यांच्या याचिका ऐकता येतील असे म्हटले होते. २८ एप्रिल १९७६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक मतांनी त्या सर्वांना चुकीचे ठरवले. आणीबाणीत कलम २१ साठी दाद मागता येणार नाही, असा तो जबलपूरचा निकाल. विरोधात एकटे न्या. एच. आर. खन्ना होते. जानेवारी १९७७ मध्ये त्यांना डावलून दुसरे सरन्यायाधीश नेमले गेले. बहुमतात न्या. यशवंतराव चंद्रचूडही होते. खासगीपणाच्या हक्कावरच्या २०१७ च्या पुट्टस्वामी निकालात त्यांच्याच मुलाने, न्या. धनंजय चंद्रचूड यांनी, तो निकाल गंभीर चुकांचा म्हणून रद्दबातल ठरवला. ही बाप-लेकाची गोष्ट सगळ्यांना माहीत असते. त्याच वडिलांनी सरन्यायाधीश म्हणून १९८१ मध्ये दिलेला दुसरा निकाल मात्र वकिलांच्या बाहेर फारसा कोणाला ठाऊक नसतो, आणि नुकसान त्याने अजून चालू ठेवले आहे.

जनता पक्षाचे सरकार आले, मिसा रद्द झाला, चव्वेचाळिसावी घटनादुरुस्ती झाली. आणीबाणीतही कलम २१ निलंबित करता येणार नाही, ही तिची प्रसिद्ध तरतूद. तिच्याच कलम ३ मध्ये कलम २२ बदलण्यात आले. एक: मंडळाच्या मताशिवाय ठेवण्याची मुदत तीन महिन्यांवरून दोन महिन्यांवर. दोन: मंडळ उच्च न्यायालयाच्या मुख्य न्यायमूर्तींच्या शिफारशीनुसार बनेल, अध्यक्ष त्या उच्च न्यायालयाचा पदावर असलेला न्यायाधीश आणि इतर सदस्य उच्च न्यायालयाचे आजी किंवा माजी न्यायाधीश. तीन: मंडळाला वळसा घालून दीर्घ स्थानबद्धता करण्याची मुभा संसदेकडून काढून घेतली.

आज काय आहे? एमपीडीएनुसार सदस्य उच्च न्यायालयाचा न्यायाधीश असावा, किंवा माजी न्यायाधीश, किंवा न्यायाधीश होण्यास ‘पात्र’ व्यक्ती. पात्र म्हणजे उच्च न्यायालयात दहा वर्षे वकिली केलेला कोणीही. आणि नेमणूक राज्य सरकारची. म्हणजे ज्याने डांबले तोच, डांबणे योग्य होते का, हे सांगणारी माणसे निवडतो. नेमलेली माणसे प्रत्यक्षात चांगली असतील, असतातही. पण हक्काची रचना माणसांच्या चांगुलपणावर उभी करायची नसते.

चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीची बहुतेक कलमे १९७९ मध्ये टप्प्याटप्प्याने लागू झाली. कलम ३ वगळले गेले, तेही जनता सरकारकडूनच, ज्याचे अर्धे मंत्रिमंडळ तुरुंगातून आले होते. १९८० मध्ये राष्ट्रीय सुरक्षा कायदा आला आणि धनबादचे खासदार ए. के. रॉय यांना त्याखाली ठेवले गेले. त्यांच्या याचिकेत प्रश्न निघाला: संसदेने मंजूर केलेली घटनादुरुस्ती सरकार किती काळ कपाटात ठेवू शकते? अडीच वर्षांनंतर सरकारला नेमकी कोणती व्यावहारिक अडचण आहे ते कळत नाही, असे बहुमतानेही म्हटले. तरी आदेश द्यायचे नाकारले, कारण तारीख ठरवण्याचे काम संसदेनेच सरकारवर सोपवले होते. न्या. ए. सी. गुप्ता आणि न्या. तुळजापूरकर यांचे मत वेगळे पडले: तारीख ठरवण्याचा अधिकार म्हणजे दुरुस्ती कधीच लागू न करण्याचा अधिकार नव्हे. मला ते मत जास्त सरळ वाटते. घरमालकाने सुताराला ‘दार केव्हा बसवायचे ते तू ठरव’ म्हटले, तर दार बसवायचेच नाही असा त्याचा अर्थ कोणी काढत नाही.

त्यानंतर काँग्रेस गेली, राष्ट्रीय आघाडी आली, मग काँग्रेस, संयुक्त आघाडी, भाजप, पुन्हा काँग्रेस, पुन्हा भाजप. मिसाखाली स्वतः बंगळूरच्या तुरुंगात दिवस काढलेले लालकृष्ण अडवाणी १९९८ ते २००४ गृहमंत्री होते. अधिसूचना निघाली नाही. महाराष्ट्रात २०१८ साली आणीबाणीतल्या बंदींना दरमहा सन्माननिधी सुरू झाला, २०२० मध्ये दुसऱ्या सरकारने तो थांबवला, २०२२ मध्ये तिसऱ्याने पुन्हा सुरू केला. म्हणजे विनाचौकशी तुरुंगवासाचा मोबदला किती आणि कोणाला, यावर आपल्याकडे तीन सरकारांना वेळ होता. विनाचौकशी तुरुंगवासाची तपासणी कोणी करायची, यावर एकाही सरकारला नव्हता.

गंमत अशी की कलम ३ लागू झाले तर कामाचा बोजा वाढेल, हेही खरे नाही. मंडळाने सात आठवड्यांत अहवाल द्यायचा, असे एमपीडीएत आणि राष्ट्रीय सुरक्षा कायद्यातही आजच लिहिलेले आहे. सात आठवडे म्हणजे ४९ दिवस. दुरुस्तीची मुदत दोन महिने. राज्यांना वेळापत्रकातला एक दिवसही बदलावा लागणार नाही. बदलेल ती फक्त माणसे निवडणाऱ्याची सही. त्यामुळे खरी अडचण कुठे आहे, याचा अंदाज बांधायला फार हुशारी लागत नाही.

पोलिसांची बाजू फेटाळण्यासारखी नाही. कोयता घेऊन वस्तीत फिरणाऱ्या टोळीविरुद्ध साक्षीदार उभा राहत नाही. उभा राहिला तर खटला चालेपर्यंत वर्षे जातात. जामिनावर सुटलेला पोरगा दुसऱ्याच दिवशी मिरवणूक काढतो. ज्या गल्लीत हे घडते तिथल्या लोकांना कलम २२ चा इतिहास सांगण्यात अर्थ नाही. पण यातल्या प्रत्येक दुखण्यावर वेगळे औषध कायद्यात आहे. जामिनाची अट मोडली तर जामीन रद्द करून घेण्याचा अर्ज करता येतो. टोळी असेल तर संघटित गुन्हेगारीविरुद्धचा १९९९ चा मोक्का आहे, त्यात निदान आरोपपत्र आणि खटला आहे. हद्दीतून बाहेर काढायचे तर महाराष्ट्र पोलीस कायद्यातली तडीपारी आहे. साक्षीदाराच्या संरक्षणासाठी राज्याने २०१७ मध्ये कायदा केला, आता नव्या फौजदारी संहितेने प्रत्येक राज्यावर तशी योजना बंधनकारक केली आहे. ही औषधे कडू आहेत, कारण त्यांत पुरावा गोळा करावा लागतो आणि न्यायालयात हरण्याची शक्यता असते. एमपीडीएत फाईल जमली की निकाल त्याच दिवशी हातात, आणि वर्षाखेरीच्या पत्रकार परिषदेत आकडाही.

शिवाय घाईची फाईल पोलिसांच्याच अंगावर येते. शेवटचा गुन्हा मार्चमधला, प्रस्ताव जूनमधला, आदेश सप्टेंबरचा, असा पसारा झाला की न्यायालय विचारते: माणूस इतका धोकादायक होता, तर तुम्ही सहा महिने काय करत होता? गुन्हा आणि आदेश यांच्यातला जिवंत दुवा तुटला, असे त्याला म्हणतात. प्रस्ताव वेगवेगळ्या टेबलांवर रेंगाळल्याने आदेशच संपतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये सुशांतकुमार बनिक प्रकरणात पुन्हा सांगितले. दुसरी नेहमीची चूक म्हणजे जामिनाचा आदेश आणि त्यातल्या अटी आयुक्तांपुढे न ठेवणे. तिसरी हातभट्टीच्या प्रकरणांतली: जप्त दारू आरोग्याला घातक होती हे सांगणारा रासायनिक विश्लेषकाचा अहवाल येण्याआधीच आदेश काढणे. पदावर असलेल्या न्यायाधीशाने पहिल्या सात आठवड्यांत हीच फाईल वाचली, तर कच्ची प्रकरणे तिथेच गळतील आणि पक्की प्रकरणे झेरॉक्सवर फुटण्याआधी दुरुस्त होतील. यात पोलिसांचाच फायदा आहे, पण हे कोणी त्यांच्या वतीने मागत नाही.

न्यायालयांनीही सगळा दोष कपाटातल्या अधिसूचनेवर ढकलू नये. डॉ. कफील खान १३ फेब्रुवारी २०२० ला स्थानबद्ध झाले आणि त्यांचा आदेश १ सप्टेंबर २०२० ला रद्द झाला. साडेसहा महिने. आणि हे देशभर गाजलेले नाव होते. एखाद्या अनोळखी पोराच्या आईला आधी वकील शोधायला, मग त्याच्या फीची जुळवाजुळव करायला जो वेळ लागतो, तो यात धरलेला नाही. बंदी प्रत्यक्षीकरणाची, म्हणजे बेकायदा डांबलेल्याला सोडवण्याची, याचिका दाखल झाली की नोटीस निघते, मग आदेश काढणाऱ्या अधिकाऱ्याचे प्रतिज्ञापत्र वेगळे, गृह विभागाचे वेगळे, तुरुंगाचे वेगळे, एकेकासाठी मुदत. आदेश बेकायदा ठरेपर्यंत बारातले सात-आठ महिने भोगून झालेले असतात. भरपाई मागायची सोय नसल्यात जमा आहे. नागरी व राजकीय हक्कांचा आंतरराष्ट्रीय करार भारताने एप्रिल १९७९ मध्ये स्वीकारला, तेव्हाच बेकायदा अटकेच्या भरपाईचा हक्क आम्ही मानत नाही, अशी नोंद करून ठेवली होती. चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीला राष्ट्रपतींची मंजुरी मिळाली ती त्याच महिन्याच्या ३० तारखेला.

आयुक्तांना ५ दिवसांची मुदत आहे, सरकारला १२ दिवसांची, मंडळाला ७ आठवड्यांची. सगळ्यांच्या चुकलेल्या दिवसांचा हिशोब मागणाऱ्या न्यायालयाला स्वतःला मुदत नाही. ती घालून घ्यायला ना घटनादुरुस्ती लागते ना केंद्राची अधिसूचना. उच्च न्यायालयाच्या प्रशासनाचे एक परिपत्रक पुरे. रोजच्या कामकाजाच्या यादीत अशा याचिकेच्या क्रमांकाशेजारी आणखी एक रकाना छापावा: आज स्थानबद्धतेचा कितवा दिवस. पहिल्या तारखेला तिथे ३१ असेल, दुसरीला ५८, आणि तिसऱ्या तारखेला सरकारी वकील पुन्हा मुदत मागायला उभे राहतील तेव्हा तो आकडा पीठाच्या, वकिलांच्या आणि मागच्या बाकावर बसलेल्या आईच्या हातातल्या कागदावर एकच असेल.